चुकांमागचं मन

आमचा नातू दोन वर्षांचा होता तेव्हा ‘मी केलं’ असं अगदी बरोबर म्हणायचा. तिसरं सरता सरता तो एकदम ‘मी करलं’ म्हणायला लागला. घरात हसू झालं, पण सुनेला काळजी वाटली. म्हणाली, ‘‘बाबा, येत होतं तेही हा विसरला की काय?’’ मी म्हटलं, ‘‘अगं, विसरला नाही, एक पायरी वर चढलाय.’’

बघा, आमच्या घरात ‘करलं’ कुणीच म्हणत नाही. म्हणजे ही चूक त्यानं ऐकून उचललेली नाही. धरलं, भरलं, मारलं हे शब्द कानावर पडून पडून त्याच्या मनानं भाषेची एक चाल पकडली आणि ती ‘करणे’लाही लावली. त्याला नियम कुणी शिकवला? कुणीच नाही. मग तो आला कुठून?

मी कॉलेजात मानसशास्त्र शिकवण्यात उमर घालवली. हा प्रश्न आला की मला एका माणसाची आठवण होते. डेव्हिड रुमेलहार्ट. ते बोधनिक मानसशास्त्रज्ञ होते. माणूस ओळखतो कसा, शिकतो कसा, आठवतो कसा, याचा अभ्यास करणारे. १९४२ साली अमेरिकेतल्या साउथ डकोटा राज्यात त्यांचा जन्म झाला. मानसशास्त्र आणि गणित अशी दुहेरी आवड. १९६७ मध्ये स्टॅनफर्ड विद्यापीठातून गणिती मानसशास्त्रात डॉक्टरेट घेऊन ते सॅन डिएगोच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात शिकवायला लागले आणि तिथेच वीस वर्षं राहिले.

त्या काळी बरेच शास्त्रज्ञ मनाकडे कॉम्प्युटरसारखं पाहत. नियमांची यादी असते, मन एकेक नियम पाळत जातं, असं. रुमेलहार्ट यांना शंका होती. आता तुमच्या हातातलाच पेपर घ्या. एखाद्या शब्दातल्या अक्षरावर शाई फाकली असली तरी तुम्ही तो शब्द सरळ वाचून जाता. अक्षरं कळली म्हणून शब्द कळतो, हे खरं. पण शब्द कळला म्हणून अक्षरही कळतं! १९८१-८२ मध्ये रुमेलहार्ट आणि त्यांचे सहकारी जेम्स मॅक्लेलंड यांनी याचं एक प्रारूप मांडलं. त्यात अक्षरांचे आणि शब्दांचे साधे साधे घटक जाळ्यासारखे जोडलेले होते आणि ते एकमेकांना एकाच वेळी चेतवत किंवा दाबत होते. मेंदूतल्या पेशींच्या जोडण्यांवरून सुचलेल्या अशा रचनेला न्यूरल नेटवर्क म्हणतात.

अशा जाळ्यात ज्ञान कुठे असतं? कुठल्याच एका कप्प्यात नसतं. कोणता दुवा किती बळकट, कोणता किती कमकुवत, यातच ते पसरलेलं असतं. पण मग हे दुवे बरोबर जुळवायचे कसे? जाळ्याला थर असतात. शेवटच्या थरात उत्तर चुकलं हे दिसतं, पण मधल्या थरांत कुणाचं काय चुकलं हे कळत नाही. खरी अडचण हीच होती.

लग्नाच्या पंगतीची कल्पना करा. आमटी खारट झाली. हे कळतं पंगतीत. पण वाढप्यावर ओरडून काय उपयोग? हिशोब मागे न्यायला हवा. वाढप्याकडून आचाऱ्याकडे, आचाऱ्याकडून मसाला काढून देणाऱ्याकडे. ज्याचा चुकीत जेवढा वाटा, तेवढीच त्याला दुरुस्ती सांगायची, तीही चिमूटभर. अशा हजारो पंगती उठल्या की प्रत्येकाचा हात आपोआप बसतो. चूक मागे मागे नेत दुवे सुधारण्याची ही रीत रुमेलहार्ट, जेफ्री हिंटन आणि रोनाल्ड विल्यम्स यांनी १९८६ मध्ये ‘नेचर’ या नियतकालिकात मांडली. ही गणिती युक्ती १९७० मध्ये फिनलंडच्या सेप्पो लिन्नाइनमा यांनी आणि १९७४ मध्ये अमेरिकेच्या पॉल वर्बोस यांनीही वेगळ्या वाटेनं काढली होती. पण तिच्यामुळे जाळ्याचे मधले थर स्वतःच अर्थपूर्ण खुणा शोधून काढतात, हे या तिघांनी दाखवून दिलं. आज आपल्याशी गप्पा मारणारे कॉम्प्युटर प्रोग्रॅम याच रीतीनं शिकवले जातात.

त्याच वर्षी रुमेलहार्ट आणि मॅक्लेलंड यांनी याहून साध्या एका जाळ्याला इंग्रजी क्रियापदांचा भूतकाळ शिकवला. आधी दहा क्रियापदं दिली, बहुतेक अनियमित. ती बरोबर आली. मग आणखी ४१० दिली, त्यात नियमित जास्त. झालं! जाळं ‘वेंट’च्या जागी ‘गोड’सारखी रूपं द्यायला लागलं. आमच्या नातवाचं ‘करलं’च की हे. पुढे सरावानं तेही सुधारलं. नियम कुठेच लिहिलेला नव्हता, तरी नियम पाळल्यासारखं वागणं दिसत होतं.

सगळ्यांना हे पटलं असं मात्र नाही. स्टीव्हन पिंकर आणि ॲलन प्रिन्स यांनी १९८८ मध्ये कडाडून टीका केली. शब्द देण्याचा क्रमच असा ठेवला की चूक होणारच, मुलांच्या कानावर शब्द असे पडत नाहीत, हा त्यांचा एक आक्षेप. तो बिनतोड होता आणि त्या वादातून पुढे पुष्कळ नवं संशोधन झालं.

रुमेलहार्ट १९८७ मध्ये स्टॅनफर्डला परतले. तिथे त्यांनी एका जाळ्याला झाडं आणि प्राणी शिकवले. ओक, पाइन, गुलाब, डेझी, रॉबिन, कॅनरी आणि दोन मासे, एवढेच आठ. जाळ्याला आधी झाड आणि प्राणी एवढाच भेद कळला. मग पक्षी आणि मासा. अगदी शेवटी रॉबिन वेगळा आणि कॅनरी वेगळा. पुढे मॅक्लेलंड आणि टिमोथी रॉजर्स यांनी असं शिकलेलं जाळं मुद्दाम बिघडवून पाहिलं. तेव्हा उलटं झालं. बारीक भेद आधी गेले, ढोबळ भेद शेवटपर्यंत टिकले. शब्दांचा अर्थच झिजत जाण्याचा एक आजार असतो, त्यातल्या रुग्णांचं नेमकं हेच होतं.

आणि इथे मन थबकतं. खुद्द रुमेलहार्ट यांना पिक्स डिसीज झाला. मेंदूच्या कपाळाकडच्या आणि कानशिलाकडच्या भागांना झिजवणारा आजार. १९९८ मध्ये त्यांना काम सोडावं लागलं. मिशिगनमध्ये भावाच्या आधारानं त्यांचे पुढचे दिवस गेले आणि मार्च २०११ मध्ये, वयाच्या ६८ व्या वर्षी, ते वारले. त्यांचे विद्यार्थी रॉबर्ट ग्लुश्को यांनी त्यांच्या नावानं पुरस्कार सुरू केला होता. २००१ मधला पहिला मान हिंटन यांना मिळाला. त्याच हिंटन यांना २०२४ मध्ये भौतिकशास्त्राचं नोबेलही मिळालं. चूक मागे नेण्याच्या कल्पनेचं मोठं श्रेय ते रुमेलहार्ट यांनाच देत आले आहेत.

हे सगळं मी वर्गात शिकवलेलं होतं. तरी माझ्या आईच्या वेळी मी चुकलो. तिला असाच झिजेचा आजार झाला. आधी ‘चाकवत’ हा शब्द गेला, तिला चाकवत ‘पालक’ झाला. मग शेपू, अंबाडी, मेथी, सगळ्याची नुसती ‘भाजी’ झाली. मी जुडी तिच्यापुढे धरून विचारायचो, ‘‘आई, आठव ना, हे काय?’’ ती ओशाळून हसायची. मला वाटायचं, मी तिची स्मरणशक्ती जागी ठेवतोय. खरं तर मी तिची रोज परीक्षा घेत होतो आणि रोज नापास करत होतो.

एक दिवस लक्षात आलं. ‘भाजी’ म्हणणं ही चूक नव्हे. जे उरलंय त्यातलं ते सगळ्यात खरं उत्तर आहे. मग मी विचारणं सोडलं. जुडी आणि परात तिच्यासमोर ठेवायला लागलो. ती मुकाट्यानं भाजी निवडायची. पिवळी पानं बाजूला, जून देठ बाजूला. एकही पान चुकायचं नाही.

(रेडिओवरील भाषणाचा संपादित भाग)