डोळ्यावरचे पातळ आवरण

कामगार संघटनेच्या कार्यकर्त्याने या व्याख्यानमालेत डोळ्यांच्या विकारांवर बोलावे, हे काही श्रोत्यांना चमत्कारिक वाटेल. आम्ही वैद्य नव्हे, डॉक्टर तर नव्हेच. आमचे शिक्षण शाळेपेक्षा वाचनालयातच अधिक झालेले. परंतु संघटनेच्या कचेरीत बसणाऱ्याला एक गोष्ट लवकर कळते. कामगाराचे दुखणे तेथे दुखणे म्हणून येत नाही, खाडा म्हणून येते. डोळे आले म्हणून चार दिवस घरी बसलेल्या माणसाची तक्रार डोळ्यांविषयी नसते, कापलेल्या पगाराविषयी असते. त्या पगाराचा हिशेब मांडता मांडता आम्हांला डोळ्याचा अभ्यास करावा लागला.

आरशासमोर उभे राहून खालची पापणी बोटाने किंचित ओढून पाहा. आत जे गुलाबी, ओलसर अस्तर दिसते तेच आपले आजचे आवरण. शास्त्रात त्याला नेत्रश्लेष्मला म्हणतात. ते पापणीच्या आतून जाते, खाचेत वळते आणि डोळ्याच्या पांढऱ्या भागावर पसरून बुबुळाच्या कडेशी थांबते. कातण्याने शिवलेल्या पिशवीसारखी ही रचना आहे. म्हणून डोळ्यात गेलेला कण “मागे गेला, मेंदूकडे गेला” ही भीती निराधार होय. मागे जायला वाटच नाही. तो बहुधा वरच्या पापणीखाली अडकलेला असतो.

हे आवरण पांढऱ्या भागावर सैल बसलेले असते, बुबुळाच्या कडेला मात्र घट्ट. त्यामुळे त्यातील रक्तवाहिन्यांतून पाणी झिरपले की ते सैल भागात साठते आणि बुबुळाभोवती अंड्याच्या बलकाभोवतालच्या पांढऱ्यासारखा फुगवटा उभा राहतो. कधी तो इतका वाढतो की पापण्या मिटत नाहीत. घरची माणसे घाबरतात, आणि घाबरण्यासारखेच ते दिसते. पण पुष्कळदा कारण साधे असते: परागकण, धूळ, एखादा किडा, आणि त्यावर जोराने डोळा चोळणे. अशा वेळी खाज फार असते, दुखणे थोडे. थंड पाण्याची घडी ठेवावी आणि हात आवरावा. काही तासांत फुगवटा उतरू लागतो. मात्र सूज एकाच डोळ्याला असून ताप आहे, डोळा बाहेर आल्यासारखा वाटतो, हलवताना ठणकतो, तर ती गोष्ट निराळी. तेथे रात्र काढू नये.

आता डोळे येण्याविषयी. याला साथीचा इतिहास आहे. १९६९ साली आफ्रिकेतील घाना देशात एक नवी साथ उठली. डोळे नुसते लाल होत नसत, पांढऱ्या भागात रक्ताचे डाग उतरत. त्याच वर्षी माणूस चंद्रावर उतरला, म्हणून तिकडे लोकांनी तिला ‘अपोलो’चे नाव दिले. १९७१ मध्ये ती भारतात पसरली. बंगालात तेव्हा पूर्वेकडून निर्वासितांचे लोंढे येत होते, तर तेथे तिचे नाव पडले ‘जय बांगला’. साथीला नेहमी परक्याचे नाव मिळते, हा मनुष्यस्वभाव आहे. अलीकडची गोष्ट घ्यावयाची तर २०२३ च्या जुलैत आळंदी परिसरात शाळकरी मुलांत डोळ्यांची साथ भडकली आणि पुण्याच्या राष्ट्रीय विषाणू संस्थेने नमुने तपासून ती विषाणूची असल्याचे सांगितले. पाहता पाहता राज्यातील रुग्णांची नोंद लाखांत गेली. ज्ञानेश्वरी नेवाशास सांगितली गेली आणि ज्ञानदेवांची समाधी आळंदीस आहे. या दोन गावांमधील वाट माणसांनी कधी ओस पडू दिलेली नाही; माणसांच्या वाटेनेच विषाणू चालतो.

तो नजरेने मात्र चालत नाही. आलेल्या डोळ्यांकडे पाहिल्याने डोळे येत नाहीत, आणि काळा चष्मा लावून दुसऱ्याचे रक्षण होत नाही. लावणाऱ्याला ऊन टोचत नाही इतकेच. रोग जातो तो बोटांनी, टॉवेलाने, उशीच्या अभ्र्याने. एका घरात एकच पंचा असेल तर सगळ्यांचे डोळे येणारच. विषाणूच्या साथीत डोळ्यांतून पाणी वाहते आणि बहुधा एक-दोन आठवड्यांत ते आपोआप थांबते. जंतूंच्या विकारात पू येतो आणि सकाळी पापण्या चिकटतात; तेथे जंतुनाशक थेंबांचा उपयोग आहे.

“घरी बसा, कुणात मिसळू नका” हा सल्ला उत्तम. पण तो पाळण्याची किंमत कोण देतो? कामगार विमा योजनेत असलेल्या माणसाला डॉक्टरच्या दाखल्यावर आजारपणात वेतनाच्या सत्तर टक्क्यांच्या आसपास भत्ता मिळू शकतो. ऊसतोडीचा कोयता घेऊन आलेल्या नवरा-बायकोंना मुकादमाची उचल फेडायची असते; त्यांचा खाडा उचलीवरच चढतो. म्हणून ती लाल डोळ्यांनी फडात जातात आणि रात्री एकाच खोपीत, एकाच बादलीवर सगळी मुले तोंड धुतात.

आमच्या तालुक्यात सोनई आणि भेंडे येथे साखर कारखाने आहेत, म्हणून चुन्याचे थोडे विस्ताराने सांगतो. आपल्याकडे बहुतेक ठिकाणी उसाचा रस चुन्याची निवळी आणि गंधकाचा धूर वापरून स्वच्छ करतात. गंधकाच्या धुराने डोळे झोंबतात, पाणी येते, मोकळ्या हवेत गेल्यावर बरे वाटते. चुना तसा नव्हे. आम्ल पदार्थ डोळ्याच्या पृष्ठभागावर एक थर गोठवतो आणि स्वतःच अडून राहतो. चुना मात्र मेदाला विरघळवीत आत आत जात राहतो. येथे एक उलटी गोष्ट ध्यानात ठेवावी. चुना गेल्यावर डोळा लालभडक झाला तर आशा आहे. तो पांढराफटक पडला तर रक्तवाहिन्याच जळाल्या असे समजावे. कामगार “लाली नाही, म्हणजे काही नाही” असे म्हणून पाळी पुरी करतो, आणि तेथेच डोळा जातो. अशा वेळी डॉक्टर शोधण्याआधी पाणी शोधावे. नळ, हंडा, जे हाताशी असेल ते. अर्धा तास सतत धार. वरच्या पापणीखाली चुन्याचे खडे राहतात, म्हणून पापणी उचलून धुवावे, मगच दवाखाना गाठावा. हेच तंबाखूच्या चुन्यालाही लागू. चुन्याची पुडी मुलांच्या हाती खेळायला देऊ नये. दाबली की ती थेट डोळ्यातच उडते.

दुसरा धोका फडातला. उसाचे पाते बुबुळाला चाटून जाते, जखम डोळ्यांना दिसतही नाही. तीतून बुरशी शिरते. दोन दिवसांनी डोळा लाल होतो, माणूस म्हणतो डोळे आले, आणि औषधाच्या दुकानातून थेंब आणतो. त्या थेंबांत स्टेरॉइड असले तर लाली उतरते, बरे वाटते, आणि बुरशीला रान मोकळे मिळते. डोळे येण्यात नजर सहसा कमी होत नाही. नजर धूसर झाली, उजेड सोसेना, बुबुळावर पांढरा ठिपका दिसू लागला, की तो आवरणाचा विकार राहिला नाही, नेत्रतज्ज्ञाकडेच जावे.

उन्हातान्हात, धुळीत वर्षानुवर्षे काम करणाऱ्यांच्या डोळ्यात नाकाकडच्या बाजूने मांसाचा त्रिकोणी पडदा बुबुळावर चढू लागतो. सुश्रुताने त्याला अर्म म्हटले असून आकड्याने उचलून तो कापण्याची रीतही सांगितली आहे. आजही तो शस्त्रक्रियेनेच निघतो, पण पुन्हा उगवू शकतो; कारण माणूस परत त्याच उन्हात जातो. खुपऱ्यांचा आजार मात्र, ज्याने आपल्या आज्यापणज्यांच्या पापण्या आत वळवल्या, तो सार्वजनिक आरोग्याचा प्रश्न म्हणून भारतातून हटल्याचे जागतिक आरोग्य संघटनेने २०२४ मध्ये जाहीर केले. औषधे आली, तसेच तोंड धुवायला स्वच्छ पाणीही आले, हे त्यामागचे कारण.

१९४८ च्या कारखाने कायद्यात पस्तिसावे कलम डोळ्यांच्या रक्षणाचे होते: जेथे उडणारे कण किंवा प्रखर प्रकाश यांपासून धोका असेल, तेथे आडोसा किंवा योग्य चष्मा पुरवावा. वेल्डिंग करणाऱ्याला त्यामुळे काच मिळाली. उसाचा फड हा कारखाना नव्हे, म्हणून तोडणाऱ्याला ती मिळाली नाही. साधा पारदर्शक चष्मा पात्याला अडवतो, आणि फडाच्या कडेला झाकणाचा एक पिंप स्वच्छ पाणी ठेवायला फारसा खर्च येत नाही. गेली काही वर्षे मागण्यांच्या यादीत आम्ही या दोन गोष्टी मजुरीच्या दराखालोखाल लिहीत आलो आहोत.