‘चल’ : एक संज्ञा, दोन अर्थ

पिंपरी-चिंचवड व चाकण येथील औद्योगिक पट्ट्यात मोटारींचे सुटे भाग घडविणारी संगणक-नियंत्रित यंत्रे सर्रास दिसतात. त्यांच्या आज्ञावलीत ‘#५०० = #५०० + १’ अशी ओळ आढळते. दहावीत ‘दोन चलांतील रेषीय समीकरणे’ शिकून आलेल्या प्रशिक्षणार्थीला ती चुकीची वाटल्यास नवल नाही. कोणतीही संख्या स्वतःहून एकाने मोठी असू शकत नाही.

हा घोटाळा ‘चल’ या संज्ञेमुळे होतो. गणितात चल म्हणजे अज्ञात किंवा बदलत्या संख्येसाठी योजलेले चिन्ह. भास्कराचार्यांनी बाराव्या शतकात ‘बीजगणित’ या ग्रंथात अज्ञातांसाठी यावत्तावत्, कालक, नीलक अशी नावे वापरली. उदाहरण सोडविताना अशा अज्ञाताची किंमत मध्येच पालटत नाही. संगणकात मात्र चल म्हणजे स्मृतीतील एक कप्पा. तेथे ‘=’ हे चिन्ह समानता दर्शवीत नाही; उजवीकडील उत्तर डावीकडील कप्प्यात ठेवावे, अशी आज्ञा देते. कप्प्यात २४ असल्यास २५ होतात.

हा भेद केवळ शब्दांचा नाही. हत्यार किती नगांनंतर बदलावयाचे, याची मोजणी अशा कप्प्यात ठेवता येते. फॅनक नियंत्रकात सामान्यतः #१०० ते #१९९ हे कप्पे वीज जाताच रिकामे होतात. #५०० पासूनचे टिकून राहतात. मोजणी पहिल्या प्रकारच्या कप्प्यात ठेवल्यास वीज गेल्यानंतर ती पुन्हा आरंभापासून सुरू होते, झिजलेले हत्यार चालत राहते आणि नगांचे माप बिघडते.

बीजगणित शिकविताना शिक्षकांनी या दुसऱ्या अर्थाचाही परिचय करून दिल्यास कारखान्याची वाट धरणाऱ्या मुलांची पहिली पायरी निश्चितच सुकर होईल.