स्वप्नप्राणिशास्त्र : लेखांक पाचवा – साक्ष, शिकार आणि शिकारी

स्वप्नप्राण्यांच्या अधिवासाची चर्चा गेल्या लेखांकात झाल्यावर, या कल्पित शास्त्रापुढील सर्वांत अडचणीचा प्रश्न, म्हणजे पुराव्याचा, आता आणखी लांबणीवर टाकता येणार नाही. कोणत्याही प्राणिशास्त्राच्या दप्तरी एखादे कातडे, एखादे हाड, नपक्षी पावलाचा ठसा तरी दाखल असतो. आमच्या दप्तरी जबान्यांखेरीज काही नाही, आणि साक्षीदार म्हणावा तर तो घटनेच्या वेळी गाढ झोपलेला! शिवाय जबानी तरी कशी? “म्हैस होती, तोंड मामंजींचे होते, पण ती आमची मनीच होती हे मला पक्के ठाऊक होते.” असल्या कैफियतीवर कोणताही फौजदार पंचनामा लिहिणार नाही, परंतु माझ्या मते या शास्त्राचा पाया नेमका याच वाक्यात आहे. जागेपणी आपण रूपावरून प्राणी ओळखतो. स्वप्नात ओळख आधी पटते आणि रूप मागाहून, सवडीने, हाताशी येईल त्या अवयवांतून जुळवले जाते. म्हणून शिंगे, खूर व दात मोजून केलेले वर्गीकरण येथे निरुपयोगी ठरते, आणि तो प्राणी झोपलेल्याशी वागतो कसा, पाठलाग करतो, वाट अडवतो की बोलू लागतो, एवढ्यावरच त्याची जात मुक्रर करावी लागते.

वर्तनाचा सर्वांत भरवशाचा दाखला ज्याने दिला त्या साक्षीदाराला वाचाच नव्हती. निद्रिस्त माणसाचे डोळे मिटल्या पापण्यांआड मधूनमधून झपाट्याने फिरतात, आणि त्या वेळी त्याला जागे केल्यास तो बहुधा स्वप्न सांगतो, ही गोष्ट १९५३ साली शिकागो विद्यापीठातील युजीन ॲसेरिन्स्की आणि नथॅनिएल क्लाइटमन यांनी प्रसिद्ध केली. या अवस्थेत मस्तिष्ककांडातून सुटणाऱ्या हुकमाने अंगाचे बहुतेक स्नायू शिथिल करून ठेवलेले असतात; एरवी वाघ मागे लागताच आपण अंथरूण-पांघरुणासह जिन्यावरून खाली धावलो असतो. फ्रान्समधील लियों येथे मिशेल झूव्हे यांनी मांजरांच्या मेंदूतील हा बंदोबस्तच शस्त्रक्रियेने उठवला. प्रयोग निर्दय होता, हे लपवण्यात अर्थ नाही. पण मग दिसले ते असे : झोपेतले मांजर मान वर करी, नसलेल्या कशाचा तरी नजरेने माग घेई, दबा धरी आणि पुढच्या पंजांनी झडप घाली, डोळे उघडे असूनही समोरच्या खऱ्या वस्तूची त्याला दादही नसे. शरीरशास्त्रज्ञ एवढेच म्हणतील की, शिकारीची मज्जायंत्रणा भक्ष्यावाचून चालू झाली. आमचे शास्त्र किंचित पुढे जाऊन त्या भक्ष्याची नोंद करते.

भक्ष्य आले की भक्षकही आलाच. त्याची माहिती जपानी लोकांनी शतकानुशतके जपून ठेवली आहे. बाकू नावाच्या या पशूला हत्तीची सोंड, गेंड्याचे डोळे, बैलाची शेपटी आणि वाघाचे पाय असून दुःस्वप्ने हाच त्याचा आहार आहे. वाईट स्वप्न पडून जागे झालेले मूल त्याला हाक मारून ते स्वप्न खाऊन टाकण्याची विनंती करते. नववर्षाच्या सुमारास उशीखाली ठेवण्याच्या रत्ननौकेच्या चित्रात कधीकधी शिडावर त्याच्याच नावाचे अक्षर असते. जपानी प्राणिशास्त्राने पुढे हे नाव तापीर या सोंडाळ, शाकाहारी आणि सहसा निरुपद्रवी जनावरास बहाल केले. त्या बिचाऱ्याने ते कसे पेलावे?

येथे एक गुंता उद्भवतो. लहान मुलांच्या स्वप्नांत पशू पुष्कळ असतात आणि वय वाढते तसतसे ते विरळ होतात, हे स्वप्नांच्या अभ्यासकांना आढळून आले आहे. बाकूने ते फस्त केले म्हणावे, तर दुःस्वप्ने त्याच्या ताटातली ठीक, पण मुलांचे बोलके ससे आणि उडते घोडे तर त्याने खाल्ले नसावेत. मला वाटते, निदान पाठलाग करणारे तरी कोठे गेलेले नाहीत. प्रौढाच्या मागे लांडग्याऐवजी परीक्षेचे पर्यवेक्षक लागतात, वसुलीचे कारकून लागतात, कचेरीतील साहेब लागतात. आणि वर्तन हीच जातीची कसोटी मानल्यावर, या साहेबांस लांडग्याच्या खात्यावर चढवण्यास शास्त्रीय हरकत कोणती, हे मला तरी दिसत नाही. त्यांच्याविषयी पुढील लेखांकी.