ब्रेक आधी सांगत असतो

मंडळी, गाडी घ्यायची म्हटली की आपण विचारतो, लिटरला किती जाते, माणसे किती बसतात, चढाला दमते का. थांबते कशी, हे फारसे कोणी विचारत नाही. मग एखाद्या दिवशी घाटात अपघात होतो आणि पारावर एकच वाक्य ऐकू येते, "अचानक ब्रेक फेल झाला!" हा 'अचानक' शब्द जरा तपासून पाहण्यासारखा आहे. बहुतेक वेळा ब्रेक जाण्याआधी कितीतरी दिवस आपले दुखणे सांगत असतो. ते कसे ओळखायचे, हे जीप, मोटार, शाळेची लहान गाडी यांच्यापुरते आपण पाहू. एसटी आणि मोठे ट्रक यांचे ब्रेक हवेच्या दाबावर चालतात, त्यांची तऱ्हा निराळी.

पेडल दाबले की पायाचा जोर थेट चाकाला जात नाही. पेडलच्या पुढे मास्टर सिलिंडर नावाची एक पिचकारीच असते म्हणा ना. ती ब्रेक ऑइल नळ्यांतून चारही चाकांकडे रेटते. तिथे पॅड नावाच्या जाड पट्ट्या फिरत्या डिस्कला चिमट्यासारख्या आवळतात, नाही तर ड्रममधले लायनर आतून बाहेर दाबले जातात. घर्षण होते, गतीची उष्णता होते आणि गाडी थांबते. कोंडलेल्या द्रवावर एका जागी दिलेला दाब सगळीकडे सारखा पोचतो, हा सतराव्या शतकातल्या पास्कल या फ्रेंच शास्त्रज्ञाचा नियम इथे राबतो.

शिक्षक बंधुभगिनींनी हा प्रयोग वर्गात जरूर करावा. दोन नव्या सिरिंज घ्या, सुया काढून टाका, रबरी नळीने जोडा आणि रंगीत पाणी भरा. एक दट्ट्या दाबला की दुसरा लगेच सरकतो. आता नळीत मुद्दाम हवेचा मोठा बुडबुडा राहू द्या. पहिला दट्ट्या आत जातो, पण दुसरा रेंगाळतो, कारण हवा आधी स्वतःच दबून घेते. ब्रेकचे निम्मे दुखणे मुलांना इथेच कळेल.

आता पायाला काय कळते ते पाहा. पेडल फुग्यावर पाय ठेवल्यासारखे मऊ लागले आणि दोनतीनदा मारल्यावर वर आले, तर नळ्यांत हवा शिरली असण्याचा संभव मोठा. उभ्या गाडीत पेडल दाबून धरले आणि ते हळूहळू खाली बसत गेले, तर दाब कुठेतरी निसटतो आहे. बाहेर थेंब दिसत नसला तरी मास्टर सिलिंडरच्या आतले रबर झिजलेले असू शकते. अशी गाडी पुढे नेऊ नये.

पेडल दगडासारखे कडक झाले, तर पायाला मदत करणारा बूस्टर तपासावा. इंजिन बंद ठेवून पेडल चारपाच वेळा मारा. ते कडक झाले की तसेच दाबून धरा आणि इंजिन सुरू करा. पेडल किंचित खाली गेले तर बूस्टर काम करतो आहे. जागचे हलले नाही तर मिस्त्रीला दाखवा.

ब्रेक लावताच गाडी एका बाजूला ओढते का? आधी टायरमधली हवा पाहा. ती ठीक असेल तर एका बाजूचा ब्रेक अडकला आहे किंवा त्याच्या पॅडवर तेल आले आहे. ब्रेक लावताना पेडल थरथरत असेल तर डिस्क सारखी झिजलेली नसते. मात्र एबीएस असलेल्या गाडीत जोरात ब्रेक लावताना पायाखाली होणारी थरथर हे त्या यंत्राचे कामच आहे.

कानाचेही ऐका. पावसाने भिजून उभ्या राहिलेल्या गाडीत पहिल्या ब्रेकला खरखर होते आणि लगेच थांबते. तो डिस्कवरचा हलका गंज, त्याला भिऊ नये. पण रोज बारीक किंचाळी येऊ लागली तर पॅड संपत आल्याची ती सूचना असू शकते. आणि लोखंडावर लोखंड घासल्याचा आवाज आला, तर सूचनेची वेळ गेली असे समजावे.

डोळ्यांचे काम सोपे आहे. बॉनेटखालच्या ब्रेक ऑइलच्या डबीवर किमान आणि कमाल अशा दोन रेषा असतात. पातळी उतरली तर नुसते ऑइल ओतून गप्प बसू नका. एक तर पॅड झिजले आहेत, नाही तर गळती आहे. डबीत इंजिन ऑइल तर चुकूनही घालू नये, त्याने आतली रबरे फुगून निकामी होतात.

ब्रेक ऑइल हवेतले पाणीही शोषते. नव्या डॉट-३ ऑइलचा उत्कलनबिंदू निदान 205 अंश सेल्सिअस असावा लागतो. पुरेसे पाणी मुरले की तो 140 पर्यंत खाली येऊ शकतो. तापलेल्या ब्रेकमध्ये असे ऑइल उकळते, वाफेचे बुडबुडे होतात आणि पेडल रिकामे जाते. सिरिंजमधला बुडबुडा आठवा! म्हणून कंपनीच्या पुस्तिकेत दिलेल्या मुदतीत, बहुधा दर 2 वर्षांनी, ऑइल बदलावे.

याची खरी कसोटी लागते घाटात. वेग दुप्पट झाला की थांबवायची ऊर्जा चौपट होते, आणि भरलेल्या जीपचे वजन त्यात भर घालते. कसारा असो की कुंभार्ली, उतारावर ब्रेकवर पाय ठेवून बसू नका. खालचा गेअर टाका, निम्मे काम इंजिनाला करू द्या. दोन पैसे वाचवायला न्यूट्रल करणे किंवा इंजिन बंद करणे म्हणजे जिवाशी खेळ. जळका वास आला तर सुरक्षित जागी थांबून चाके निवू द्यावीत. त्यांवर पाणी ओतू नये, हातही लावू नये.

तरीही पेडल रिकामे गेलेच, तर ते भराभर मारा, एकेक गेअर खाली आणा, हँडब्रेक हळूहळू ओढा, हॉर्न वाजवत राहा आणि डोंगराची कड धरा. हँडब्रेक एकदम ओढला तर मागची चाके घसरतात.

गावातल्या ज्या गाडीतून मुले शाळेत जातात, तिच्या चालकाला गुरुजींनी किंवा पालकांनी रोज सकाळी एवढेच विचारावे, "पेडल कसे लागते? ऑइल किती आहे? आवाज काही येतो का?" यात अविश्वास नाही. उलट गाडी दुरुस्तीला टाकायची म्हणून मालकाशी बोलायला चालकाला आधार होतो. एक दिवस गाडी गॅरेजात राहिली, तर मुले त्या दिवशी चालत येतील.