रोजनाम्यात न उतरणारं बोलणं

न्यायालयाइतकी लिहून ठेवायची सवय दुसऱ्या कुठल्या संस्थेला नसेल. पुकारा झाला, अर्जदार हजर, जाबदेणार गैरहजर, वकिलांनी मुदत मागितली, सगळं रोजनाम्यात उतरतं. उलटतपासणीत सासूच्या एखाद्या टोमण्याचा विषय निघाला, तर तोही कागदावर येतो आणि नातवंडांनासुद्धा वाचता येईल असा जपला जातो. अशा या संस्थेनं आपल्याच इमारतीत एक खोली मात्र अशी ठेवली आहे, की तिथलं बोलणं खुद्द न्यायाधीशांनाही कळू नये! आपल्या कायद्यातलं हे मला मोठं नवल वाटतं.

ही खोली मध्यस्थी केंद्राची. दिवाणी प्रक्रिया संहितेचं सुधारित कलम ८९ जुलै २००२ पासून लागू झालं आणि तडजोडीची शक्यता दिसली तर दावा मध्यस्थाकडे पाठवायची वाट मोकळी झाली. समेटाचा प्रयत्न करा, हे कुटुंब न्यायालय कायदा १९८४ पासूनच सांगत होता. पुढे २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं स्पष्टच सांगितलं, की मुलांचा ताबा, पोटगी असे वाद मध्यस्थीला विशेष योग्य आहेत आणि ते सुरुवातीलाच तिकडे पाठवावेत.

आत काय होतं? मध्यस्थ आधी दोघांना समोरासमोर बसवतो, मग एकेकाशी वेगळं बोलतो. वेगळ्या बैठकीत सांगितलेली गोष्ट परवानगीशिवाय दुसऱ्या बाजूला सांगायची नाही, हा दंडक. त्यामुळे दोघांची झाकलेली पानं एकाच माणसाला दिसतात. समजा, नवरा रकमेवरून अडून बसला आहे, पण त्याला खरी धास्ती मुलगी तुटण्याची आहे. बायकोला रकमेपेक्षा गृहकर्जातून आपलं नाव निघायला हवं आहे. दाव्यात यातलं काहीच लिहिलेलं नसतं आणि न्यायाधीश सहसा मागितलं तेवढंच देऊ शकतात. दिवाळीच्या सुट्टीचे पहिले दिवस कुणाकडे, आजीशी व्हिडिओ कॉल कधी, कपाटात राहिलेली पदवीची प्रमाणपत्रं कोण आणून देणार, हे इथेच ठरतं. निकाल द्यायचा अधिकारच नसलेला माणूस हे घडवून आणतो.

आणि जमलं नाही तर? मध्यस्थानं फक्त ‘तडजोड झाली नाही’ एवढंच कळवायचं. कुणी काय देऊ केलं, कोण कशावर अडलं, हे अहवालात लिहायचं नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१० मध्ये बजावलं. म्हणून तर माणसं आत मोकळी होतात. इथे मऊ बोललं की उद्या कोर्टात अंगाशी येईल, ही भीती तिथे राहत नाही.

मला सगळ्यात मजा वाटते ती तडजोडपत्राच्या रचनेची. मोडलेल्या एका संसाराचे खटले चार ठिकाणी विखुरलेले असतात: नांदायला येण्याचा दावा एका शहरात, पोटगीचा दुसऱ्या, शिवाय घरगुती हिंसाचाराचा अर्ज आणि सासरच्या छळाचा ४९८-अ (आता भारतीय न्याय संहितेचं कलम ८५). एका टेबलावर ते सगळे एकत्र मिटवता येतात, पण एकमेकांवर विश्वास तर कुणाचाच नसतो. परस्पर संमतीच्या घटस्फोटाला दोन टप्पे असतात आणि दुसऱ्या टप्प्यापर्यंत संमती मागे घेता येते. छळाचा गुन्हा तर आपसात मिटवता येत नाही, तो रद्द करून घ्यायला उच्च न्यायालयात जावं लागतं. मग ठरलेली रक्कम हप्त्यांत बांधतात. काही पहिल्या अर्जाच्या वेळी, काही दुसऱ्या टप्प्यावर, उरलेली गुन्हा रद्द होताना. विश्वास नसलेल्या दोन माणसांना शेवटपर्यंत चालवत नेणारी ही युक्ती आहे. घटस्फोटाच्या दोन टप्प्यांमधली सहा महिन्यांची वाट पाहणंही अटळ नाही, असं २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ठरवलं. मात्र समेटाचे प्रयत्न संपलेले हवेत, पोटगी-ताबा ठरलेला हवा आणि वेगळं राहण्याचा काळही पुरेसा झालेला हवा.

कौतुक करताना एक गोष्ट मात्र सोडून चालणार नाही. ‘सांभाळून घे गं’ म्हणणाऱ्या नातेवाइकांच्या बैठकीला मध्यस्थी म्हणत नाहीत. जिथे मारहाण आहे, धाक आहे, तिथे दोन खुर्च्या समोरासमोर मांडल्यानं माणसं बरोबरीची होत नाहीत. अशा वेळी ‘मला हे नको’ असं म्हणण्याचा त्या स्त्रीला पूर्ण हक्क आहे आणि मध्यस्थानंही ते ओळखून थांबलं पाहिजे. शिवाय दोघं पुन्हा एकत्र आली तरच मध्यस्थी जमली, असंही नाही. नीट वेगळं होणं हेही तिचं यशच.

दावा दाखल करण्याआधीही जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करून हा मार्ग धरता येतो, आणि स्त्रीला, तिचं उत्पन्न कितीही असो, १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानुसार मोफत कायदेशीर मदत मिळते. ओळखीत कुणाच्या घरी वाद कोर्टाच्या पायरीपर्यंत आला असेल, तर एवढं त्यांच्या कानावर जरूर घाला.