गळा आणि गज: पंडित गजाननबुवा जोशी यांच्या वाटचालीचा मागोवा

ख्याल गाणारा आणि एकल व्हायोलिन वाजवणारा, आणि दोन्हींत पहिल्या रांगेतला, असा कलावंत हिंदुस्थानी संगीतात क्वचितच सापडतो. पंडित गजाननबुवा जोशी (1911–1987) हे त्यातलं ठळक नाव. आज त्यांचं नाव बहुधा त्यांच्या शिष्यांच्या परिचयात वाचायला मिळतं, तेही एखाद्या ओळीत. वाटचाल मात्र एका ओळीत मावणारी नव्हती.

बुवांचा जन्म मुंबईत झाला. गाणं घरातच होतं. आजोबा मनोहरबुवा गायक होते आणि वडील अनंत मनोहर जोशी, म्हणजे अंतुबुवा, औंध संस्थानचे दरबारी गवई. ग्वाल्हेरची गायकी महाराष्ट्रात रुजवणाऱ्या बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे अंतुबुवांची तालीम झाली होती. गुरुबंधूंमध्ये विष्णु दिगंबर पलुसकर होते. गजाननबुवांना पहिली तालीम वडिलांनीच दिली. त्यामुळे बंदिश नीट बसवायची, राग उगाच लपवाछपवी न करता मांडायचा आणि आवर्तन डौलात भरायचं, ही ग्वाल्हेरची शिस्त त्यांच्या अंगी लहानपणीच मुरली.

व्हायोलिनकडे ते वळले तेव्हा हे वाद्य उत्तरेत अजून स्थिरावायचं होतं. दक्षिणेत बालस्वामी दीक्षितांनी एकोणिसाव्या शतकातच ते कर्नाटक संगीतात आणलं होतं आणि तिथे ते गायकाच्या साथीला कायमचं येऊन बसलं. आपल्याकडे त्याला स्वतंत्र मैफलीचा मान मिळवून देणाऱ्या पहिल्या पिढीत गजाननबुवा होते. व्हायोलिनला पडदे नसतात. बोट तारेवरून सरकलं की मींड निघते आणि तसूभर चुकलं की स्वर बेसूर होतो. म्हणून या वाद्याला आधी तयार कान लागतो. बुवांचा कान घरच्या तालमीत तयार झालेला. गाताना एका दमात जी स्वरपंक्ती घ्यायची, तीच वाजवताना एका गजात घ्यायची, हे गायकी अंगाच्या वादनाचं मर्म. बुवांच्या वाजवण्यात बंदिशीचे शब्द नसायचे, पण तिची ठेवण आणि सम गाठण्याची रीत ओळखू यायची.

काळाचाही त्यात वाटा होता. आकाशवाणीने 1940 मध्ये हार्मोनियमवर बंदी घातली आणि ती 1971 पर्यंत टिकली. त्या काळात रेडिओवर गायकामागे सूर धरायचा तर सारंगी किंवा व्हायोलिनच हवं होतं. बुवांनी स्वतः आकाशवाणीत नोकरी केली. पुढे विष्णु गोविंद जोग आणि दामोदर केशव दातार यांनी व्हायोलिनची मैफल देशभर रुजवली.

गायक म्हणून बुवांनी केलेलं काम याहून धाडसाचं होतं. घराणं म्हणजे सोवळं मानलं जाण्याचा तो काळ. अशा वेळी ग्वाल्हेरची तालीम पक्की असलेला हा गवई रामकृष्णबुवा वझ्यांकडे शिकला, आग्र्याच्या विलायत हुसेन खाँसाहेबांकडे गेला आणि जयपूर-अत्रौलीची विद्या त्याने अल्लादिया खाँसाहेबांचे चिरंजीव भुर्जी खाँ यांच्याकडून घेतली. आग्र्याचा नोमतोम आणि बोलांशी खेळणारी लयकारी, जयपूरचे अनवट राग आणि वळणावळणांची आकारातली तान, ग्वाल्हेरची सपाट तान हा सगळा ऐवज एका गळ्यात जमला. पण बुवांनी त्याची भेळ केली नाही. ज्या घराण्याची बंदिश, तिला त्याच घराण्याची वागणूक. तीन घराणी एकत्र नांदू शकतात आणि तरी प्रत्येकाचा उंबरा शाबूत राहतो, हे त्यांनी गाऊन दाखवलं.

या सगळ्याला धरून ठेवणारी गोष्ट म्हणजे लय. बुवा तबलाही जाणत. तालयोगी म्हणून ओळखले जाणारे पंडित सुरेश तळवलकर यांनाही साथीचं मार्गदर्शन बुवांकडून मिळालं. आमच्या मावळात, कामशेतपासून नाणे मावळातल्या वाड्यावस्त्यांपर्यंत, भजनी मंडळांत पखवाजाच्या ठेक्याला डुलत मोठी झालेली माणसं आहेत. रागाचं नाव त्यांना सांगता येणार नाही कदाचित, पण सम कुठे पडली हे मान आपोआप सांगते. बुवांचं गाणं ऐकायला हीच तयारी पुरेशी आहे.

1972 मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार बुवांना मिळाला. वडिलांना तो 1955 मध्येच मिळाला होता. उत्तरायुष्यात बुवा डोंबिवलीत राहिले आणि त्यांचा भर शिकवण्यावर होता. उल्हास कशाळकर, अरुण कशाळकर, वीणा सहस्रबुद्धे, पद्मा तळवलकर ही नावं त्या तालमीशी जोडलेली आहेत. उल्हास कशाळकर आज तिन्ही घराण्यांची गायकी ज्या स्वच्छपणे वेगवेगळी मांडतात, त्यात बुवांची शिकवण सरळ ऐकू येते. घरातही विद्या वाटली गेली: मुलांपैकी मनोहर गायक, मधुकर व्हायोलिनवादक, नारायण तबलावादक. नात अपूर्वा गोखले हीही गाते. अंतुबुवांनी आपले गुरू शिवानंद स्वामी यांच्या स्मरणार्थ 1940 मध्ये औंधला सुरू केलेला संगीत महोत्सव बुवांनी पुढे चालवला आणि तो त्यांच्यामागेही चालू राहिला.

28 जून 1987 रोजी बुवा गेले. मैफलीचा गवई म्हणून त्यांचा जितका गाजावाजा व्हायला हवा होता तितका झाला नाही, हे खरं. पण गेल्या शतकातल्या मराठी संगीतकारांत घराण्याची भिंत ओलांडूनही घराणं जपणारा त्यांच्यासारखा दुसरा गुरू दाखवणं अवघड आहे. कामशेत, वडगाव, तळेगावात गाणं किंवा व्हायोलिन शिकणाऱ्या मुलामुलींनी त्यांची ध्वनिमुद्रणं मिळवून आधी गायन आणि मग वादन असं पाठोपाठ ऐकावं. शिकवणाऱ्यांनीही वर्गात ती लावावीत. गळा आणि गज यांच्या नात्यावर दिलेल्या व्याख्यानापेक्षा तेवढं ऐकणं जास्त शिकवून जाईल.