मॉट्सन यांचा गृहपाठ

नव्वदच्या दशकाच्या शेवटी कॉम्प्युटरवर 'फिफा 98' खेळत रात्री जागवलेल्या पोरांना जॉन मॉट्सन हे नाव कदाचित आठवणार नाही, पण त्यांचा आवाज नक्की आठवेल. किंचित वरच्या पट्टीतला, गोल झाला की आणखी वर जाणारा. इंग्लंडमध्ये हाच आवाज 'मॅच ऑफ द डे' या बीबीसीच्या कार्यक्रमातून जवळजवळ अर्धं शतक घराघरांत ऐकू येत होता.

टीव्हीवरचं समालोचन हा तसा पेचात टाकणारा धंदा. रेडिओचा समालोचक ऐकणाऱ्याला मैदान दाखवतो. बीबीसीनं 22 जानेवारी 1927 रोजी आर्सेनल विरुद्ध शेफील्ड युनायटेड हा सामना रेडिओवर ऐकवला, तेव्हा 'रेडिओ टाइम्स'मध्ये मैदानाचा चौकोन पाडलेला नकाशा छापला होता. चेंडू कुठल्या चौकोनात आहे हे ऐकायचं आणि नकाशावर बोट ठेवायचं. बाळ ज. पंडितांचं क्रिकेटचं मराठी समालोचन ट्रान्झिस्टरला कान लावून ऐकलेल्यांना ही गरज समजावून सांगायला नको. टीव्हीवर मात्र चेंडू कुठे आहे हे बघणाऱ्याला दिसतंच. मग बोलायचं काय? जे दिसत नाही ते, आणि तेही नेमक्या वेळी. मॉट्सन यांची सगळी कारकीर्द या एका उत्तरावर उभी होती.

त्यांचा जन्म 10 जुलै 1945 चा, सॅलफर्डचा. वडील मेथडिस्ट पंथाचे धर्मोपदेशक, पण पोराला बोट धरून फुटबॉलच्या सामन्यांना नेणारे. मॉट्सन मोठे खेळाडू कधीच नव्हते. 'बार्नेट प्रेस' या स्थानिक वर्तमानपत्रात उमेदवारी, मग शेफील्डच्या दैनिकात क्रीडा वार्ताहर, तिथून बीबीसी रेडिओ आणि 1971 मध्ये 'मॅच ऑफ द डे', असा त्यांचा प्रवास झाला. वार्ताहराची सवय पुढेही सुटली नाही: आधी माहिती, मग शब्द.

5 फेब्रुवारी 1972 ला त्यांना एफए कपच्या तिसऱ्या फेरीचा फेरसामना मिळाला. हेरफर्ड युनायटेड हा साउदर्न लीगमधला छोटा क्लब आणि समोर पहिल्या डिव्हिजनचं न्यूकॅसल. कार्यक्रमाच्या शेवटी चार-पाच मिनिटं दाखवायचा सामना, म्हणून नवख्या माणसाला दिलेला. एडगर स्ट्रीटच्या मैदानावर चिखलच चिखल. शेवटची आठेक मिनिटं उरली असताना माल्कम मॅकडोनाल्डनं हेडरवर न्यूकॅसलला पुढे नेलं. सामना संपल्यात जमा होता. तेवढ्यात रॉनी रॅडफर्डनं तीसेक यार्डांवरून चेंडू असा हाणला की तो थेट जाळ्याच्या वरच्या कोपऱ्यात गेला. रॅडफर्ड पोटासाठी सुतारकाम करणारा गडी. प्रेक्षक मैदानात घुसले. जादा वेळेत रिकी जॉर्जनं दुसरा गोल केला आणि हेरफर्ड 2-1 नं जिंकलं. त्या रात्री शेपटाला दाखवायचा सामना कार्यक्रमाच्या तोंडी आला. रॅडफर्डच्या गोलानं आपलं आयुष्य बदललं, असं मॉट्सन पुढे नेहमी सांगत.

नशीब होतंच. पण नशीब येईल तेव्हा सगळी नावं तोंडावर हवीत, अगदी छोट्या क्लबच्या अकरा जणांचीसुद्धा, आणि तीही चिखलानं शर्टाचा नंबर झाकलेला असताना. त्या काळी शर्टावर नावं नसत. समालोचकाच्या हातात 'लिप माइक' असे. जाळीचा हा माइक वरच्या ओठाला टेकवूनच बोलायचं, म्हणजे स्टेडियमचा गोंगाट बाहेर राहतो आणि आवाज स्वच्छ जातो. एक हात त्यातच अडकलेला. त्यामुळे पानं चाळण्याची सोय नाही, हवी ती माहिती एका नजरेत सापडली पाहिजे. मॉट्सन प्रत्येक सामन्यासाठी रंगीत पेनांनी तक्ता तयार करत. खेळाडूचं नाव, वय, आधीचे क्लब, गोल, असं सगळं त्यात असे. पत्नी अ‍ॅन त्यांच्यासाठी सामन्यांच्या नोंदींच्या वह्या ठेवत. यातलं बहुतेक कधीच बोललं जात नसे.

बोललं गेलं तर काय होतं, याचा नमुना म्हणजे 1977 ची एफए कप फायनल. त्यांची ही पहिलीच फायनल. लिव्हरपूलनं लीग जिंकली होती आणि चार दिवसांनी रोममध्ये युरोपियन कपची फायनल होती; पारडं त्यांचंच जड. जिंकलं मँचेस्टर युनायटेड. कप घ्यायला कप्तान मार्टिन बकन वेम्बलीच्या राजेशाही कक्षाकडे निघाला, तेव्हा मॉट्सन म्हणाले की या एकोणचाळीस पायऱ्या पहिल्यांदा बकन नावाच्या माणसानं चढाव्यात हे किती शोभून दिसतं! जॉन बकन यांची 'द थर्टी-नाइन स्टेप्स' ही कादंबरी तिकडे शाळकरी पोरांनाही माहीत. पायऱ्या किती हे ठाऊक असल्याशिवाय हे वाक्य सुचत नाही, आणि लिव्हरपूल जिंकलं असतं तर ते कुणाच्या कानावरही पडलं नसतं.

या गृहपाठालाही मर्यादा होत्या. 15 एप्रिल 1989 ला शेफील्डच्या हिल्सबरो मैदानावर लिव्हरपूल आणि नॉटिंगहॅम फॉरेस्ट यांचा उपांत्य सामना सहा मिनिटांत थांबला. गोलमागच्या स्टँडमध्ये माणसं चिरडली जात होती. या दुर्घटनेत 97 बळी गेले. माइकवर मॉट्सन होते. रंगीत तक्ता तिथे निरुपयोगी होता. दिसतंय तेवढंच सांगायचं आणि तर्क लढवायचे नाहीत, एवढंच हाती होतं. पुढे 1998 मध्ये, लांबून काही कृष्णवर्णीय खेळाडू एकमेकांपासून ओळखताना आपली पंचाईत होते, असं ते रेडिओवर बोलून गेले आणि त्यांच्यावर टीका झाली. माणसं ओळखणं हाच ज्याचा पेशा, त्याला ती लागणारच होती.

स्पर्धाही होती. बीबीसीतच बॅरी डेव्हिस होते: कमी बोलणारे, आकडे टाळणारे, चित्राला बोलू देणारे. मॉट्सन आकड्यांचे भोक्ते. दोन्ही बाजूंचे चाहते वर्षानुवर्षं भांडत राहिले. 1994 च्या वर्ल्ड कपची फायनल डेव्हिस यांना मिळाली, पण मोठ्या फायनल बहुतेक वेळा मॉट्सन यांच्याकडेच आल्या. एकूण 10 वर्ल्ड कप आणि 29 एफए कप फायनल त्यांच्या नावावर आहेत. बर्फात उभं राहून बोलताना अंगात असलेला मेंढीच्या कातड्याचा कोट तर त्यांची ओळखच बनला. थेट प्रक्षेपणातून ते 2008 मध्ये बाजूला झाले. मे 2018 मध्ये क्रिस्टल पॅलेस विरुद्ध वेस्ट ब्रॉमविच हा 'मॅच ऑफ द डे'साठीचा त्यांचा शेवटचा सामना ठरला. 23 फेब्रुवारी 2023 ला ते गेले.

आज समालोचकापुढच्या पडद्यावर आकडे आपोआप येऊन पडतात. पायऱ्या मोजायलाही कुणाला जावं लागणार नाही. पण आयत्या मिळालेल्या आकड्यांचा एक तोटा असतो: ते सगळेच सांगावेसे वाटतात. मॉट्सन यांनी स्वतः जमवलेलं होतं, म्हणून कुठला आकडा कधी कामाला येईल याचा त्यांना अंदाज होता. आणि तरीही ते जरा जास्तच बोलतात अशी तक्रार होतीच! दोन हजारांहून अधिक सामने बोलून झाल्यावर लोकांच्या लक्षात त्यांची मोजकी वाक्यं राहिली. या धंद्यात हाच भाव चांगला समजतात.